वीस सेकंदांत कोथिंबिरीचा वाफा : सेंट गालेन आणि रायखेनाउचे चार दिवस

कॉलेजात बरीच वर्षं युरोपचा इतिहास शिकवला. मध्ययुगातलं चर्च, मठ, पोप, परिषदा सगळं शिकवलं आणि दरवर्षी मुलांना बजावलं, "मूळ साधनं वाचा, नुसत्या पाठ्यपुस्तकावर विसंबू नका." पण त्या काळातलं एकही अस्सल पान मी स्वतः डोळ्यांनी पाहिलेलं नव्हतं. निवृत्तीनंतर झुरिकला राहणाऱ्या भाचीने विचारलं, "मावशी, काय बघायचंय? आल्प्स? रोम?" मी म्हटलं, सेंट गालेन, तिकडचंच जुन्या मठाचं गाव.

रोम का नाही, हे तिला गाडीत समजावलं. रोमला पोपची दफ्तरं आहेत. पण मठातल्या साध्या भिक्षूचा दिवस कसा जायचा, तो काय वाचायचा, काय खायचा, चुका कशा खोडायचा, हे पाहायचं तर सेंट गालेनला जावं. तिथल्या शेकडो पोथ्या अकराशे-बाराशे वर्षांपूर्वी जिथे लिहिल्या गेल्या तिथेच आजही आहेत. असं भाग्य फार थोड्या ग्रंथालयांच्या वाट्याला आलं.

पहिला दिवस : पाऊस आणि अस्वल

झुरिकहून गाडी तासाभरात पोचवते. उतरलो तेव्हा पाऊस होता. आपल्यासारखा कोसळणारा नाही, बारीक, थंड, न थांबणारा. सप्टेंबरचा पहिला आठवडा असूनही स्वेटर लागला.

गावाचं नाव ज्याच्यावरून पडलं तो गालुस हा आयर्लंडकडून आलेल्या भिक्षूंच्या टोळीतला. इ.स. ६१२ मध्ये त्याचा गुरू कोलुम्बानुस इटलीकडे निघाला, गालुस तापाने आजारी म्हणून मागे राहिला आणि इथल्या रानात ओढ्याकाठी झोपडी बांधून राहू लागला. रात्री अस्वल आलं, त्याने त्याला शेकोटीसाठी लाकडं आणायला सांगितली, बदल्यात भाकरी दिली, अशी कथा आहे. पुढे ७१९ मध्ये ओटमार नावाच्या मठाधिपतीने त्या जागी रीतसर मठ उभारला.

गावात अस्वल जिथे तिथे दिसतं. चौकात, पाट्यांवर, बेकरीतल्या मसालेदार केकवरसुद्धा. त्या केकला 'बीबर' म्हणतात. मधाच्या पिठात बदामाचं सारण, आणि वास अगदी दालचिनी-लवंगेचा. पहिला घास घेतला आणि दिवाळीतल्या स्वयंपाकघराची आठवण झाली.

अस्वल खरं होतं का, हा प्रश्न वर्गात मुलं हमखास विचारत. कथा चमत्काराचीच आहे. पण याच मठातल्या टुओटिलो नावाच्या भिक्षूने इ.स. ८९५ च्या सुमारास हस्तिदंताच्या पट्टीवर गालुस आणि ते अस्वल कोरलं, आणि ती पट्टी एका शुभवर्तमानाच्या पोथीच्या मागच्या आवरणावर आजही इथे आहे. सातव्या शतकात रानात काय घडलं याचं ते साधन नाही. नवव्या शतकातले भिक्षू स्वतःच्या मठाबद्दल काय मानत होते याचं मात्र ते पक्कं साधन आहे. चर्चच्या इतिहासात संतचरित्रं अशीच वाचावी लागतात. आपल्याकडची संतचरित्रंही याच रीतीने वाचली तर खूप काही सांगतात, असं माझं प्रामाणिक मत आहे.

रात्री पहिल्या मजल्यावरच्या एका जुन्या खाणावळीत जेवलो. या गावात अशा बऱ्याच आहेत, लाकडी जिना चढून जायचं आणि डोक्याला टेकेल असं छत. भाचीने इथलं प्रसिद्ध पांढरं सॉसेज घेतलं. त्याबरोबर मोहरी मागायची नाही, हा इथला रिवाज. मी चीज घातलेला फ्लाडन खाल्ला. शाकाहारी मंडळींना बेकरीतही तो सहज मिळतो.

दुसरा दिवस : आत्म्याचा दवाखाना

ग्रंथालयाच्या दाराशी आधी बुटांवरून चढवायच्या जाड लोकरी सपाता मिळतात. सपाता देणाऱ्या वयस्कर बाईंनी माझ्या पायाकडे बघून बरोबर मापाची जोडी काढली आणि भाचीमार्फत सांगितलं, "पाय उचलू नका, सरपटत चाला. लाकडाला तेच बरं." देवळात चपला काढून जाणाऱ्या माणसाला हे काही वेगळं वाटलं नाही.

दारावर ग्रीक अक्षरं आहेत, अर्थ साधारण 'आत्म्याचा दवाखाना'. आतलं दालन १७५८ ते १७६७ या काळात बांधलेलं, म्हणजे मध्ययुगीन मुळीच नाही. नक्षीदार जमीन, लाकडी कपाटं, छतावर चर्चच्या पहिल्या चार परिषदांची चित्रं : निकाया, कॉन्स्टँटिनोपल, एफेसस, काल्सेडोन. येणारे बहुतेक लोक माना वर करून छतच बघत होते. मी काचेच्या पेट्यांपाशी वाकले.

इथे जवळपास २१०० हस्तलिखितं आहेत आणि त्यांतली सुमारे ४०० इ.स. १००० च्या आधीची. एका वेळी थोडीच मांडतात आणि प्रदर्शनं बदलत राहतात. त्यामुळे अमुकच पोथी दिसेल असं मनात धरून जाऊ नका.

एका पेटीसमोर मी अर्धा तास उभी होते. चामड्याचं पान. केसाची बाजू पिवळसर, मांसाची बाजू पांढरी, आणि उघडलेल्या दोन पानांवर समोरासमोर एकसारखी बाजू येईल अशी घडी घातलेली. कडेला सुईची बारीक छिद्रं, त्यांच्या आधाराने शाईविना दाबून काढलेल्या रेघा. पानाच्या मधोमध बोराएवढं भोक. जनावराच्या कातडीवर कधी काळी जखम झाली असावी, कातडं ताणताना ती फाकत गेली. लेखकाने पान टाकून दिलेलं नव्हतं. शब्दाचा अर्धा भाग भोकाच्या अलीकडे, अर्धा पलीकडे लिहून तो पुढे गेला होता. चामडं महाग होतं हे वाक्य मी किती वेळा फळ्यावर लिहिलं असेल! ते खरं समजलं त्या भोकाशी.

माहेरी पणजोबांच्या पोथ्या आहेत. त्यांतल्या एकीच्या शेवटी लेखनिकांचा नेहमीचा श्लोक आहे : पाठ, कंबर आणि मान मोडली, दृष्टी ताठरली, तोंड खाली घालून कष्टाने लिहिलेला हा ग्रंथ जतन करा. मध्ययुगीन लॅटिन पोथ्यांच्या शेवटीही भिक्षू लिहीत, 'तीन बोटं लिहितात, पण राबतं सगळं शरीर.' आणि असंही, की खलाशाला बंदर जसं गोड, तशी लेखकाला शेवटची ओळ. दोघांना एकमेकांचा पत्ता नव्हता, पाठदुखी मात्र एकच होती. तिथे उभं राहून मी तो आपला श्लोक मनात म्हटला.

आता ज्या पोथीसाठी मुख्यतः आले तिची हकिगत. संत बेनेडिक्टचा नियम, म्हणजे पश्चिमेकडच्या मठांची घटनाच म्हणा, सहाव्या शतकात इटलीत लिहिला गेला. बेनेडिक्टच्या हातची मानली जाणारी प्रत ८९६ मध्ये आगीत जळाली. पण त्याआधी फ्रँकांचा राजा शार्लमेन याने तिची नक्कल मागवून घेतली होती. नवव्या शतकाच्या सुरुवातीला ग्रिमाल्ड आणि टाट्टो या दोन भिक्षूंनी त्या नकलेवरून पुन्हा नक्कल केली. इथल्या ९१४ क्रमांकाच्या पोथीत तिचाच पाठ आहे आणि मूळ नियमाच्या सर्वांत जवळचा तोच मानतात. बेनेडिक्टचं लॅटिन शाळेतल्या व्याकरणाला सोडून होतं, तरी त्यांनी ते 'सुधारलं' नाही. एक अक्षरही वगळलं नाही असं आपल्या गुरूला पत्र लिहून कळवलं आणि इतर प्रतींतले पाठभेद समासात नोंदवले. अस्सल कागद हरवला, नकलेची नक्कल उरली, आणि तरीही आपण तिच्यावर भरवसा ठेवतो, तो या दोघांच्या शिस्तीमुळे. आपल्याकडे ज्ञानेश्वरीच्या पाठांवर ज्यांनी डोळे शिणवले त्यांना हे चटकन कळेल.

इथे विबोराडाचं नावही घ्यायलाच हवं. ही स्त्री चर्चला लागून असलेल्या कोठडीत स्वतःला कोंडून घेऊन राहत असे. ९२६ मध्ये हंगेरियन टोळ्या येणार असा तिने इशारा दिला. कथा अशी, की आधी पुस्तकं हलवा, मग चांदीसोन्याची भांडी, असं तिने सांगितलं. पोथ्या जवळच्या कोन्स्टान्स सरोवरातल्या रायखेनाउ बेटावर गेल्या. ती कोठडी सोडून गेली नाही आणि मारली गेली. १०४७ मध्ये तिला संतपद मिळालं. पोपने रीतसर संत ठरवलेली ती पहिली स्त्री.

दुपारी शेजारच्या प्रदर्शन दालनात गेलो. इथे आहे 'सेंट गालेनचा नकाशा' : मध्ययुगाच्या सुरुवातीच्या काळातला इमारतींचा असा दुसरा मोठा आराखडा शिल्लकच नाही. पाच चामडी तुकडे शिवून केलेला, सुमारे ११२ बाय ७७ सेंटिमीटर, आदर्श मठाचा. चर्च, निजण्याची जागा, ग्रंथालय, शाळा, दवाखाना, बिअरची भट्टी, संडास, कोंबड्यांचं आणि हंसांचं खुराडं, असं सगळं तांबड्या रेघांत. प्रकाशाने शाई उडू नये म्हणून आधी फिल्म दाखवतात आणि मग वीसेक सेकंद मूळ नकाशा उघडतात. पुन्हा झाकतात.

पहिल्या वेळी मला काहीच धड दिसलं नाही. लाल रेघा दिसल्या आणि डोळे भरून आले.

बाहेर आल्यावर भाचीला त्याची गोष्ट सांगितली. हा नकाशा टिकला तो त्याची किंमत कळली म्हणून नाही. बाराव्या शतकात कुणा भिक्षूला चामडं हवं होतं. त्याने नकाशाच्या पाठीवर संत मार्टिनचं चरित्र लिहिलं आणि पुस्तकासारख्या घड्या घातल्या. शेवटी जागा पुरेना, तेव्हा पुढच्या बाजूला खालच्या डाव्या कोपऱ्यातली एक इमारत खरवडून तिथे चरित्र पुरं केलं. ती इमारत गेली. पण चरित्राची पोथी म्हणून बाकीचा नकाशा कपाटात सुरक्षित राहिला.

*जाणाऱ्यांसाठी :* एकाच तिकिटात मोठं दालन, खालचं तळघर आणि नकाशाचं दालन होतं. कमीत कमी चार तास ठेवा. अभ्यासासाठी पोथी हाताळायची असेल तर आधी लिहून कारण सांगून परवानगी घ्यावी लागते. पण घरबसल्या वाचायच्या असतील तर 'ई-कोडिचेस' या स्विस संकेतस्थळावर इथल्या शेकडो पोथ्यांचं पान न पान फुकट उघडतं. लॅटिन येत नसेल तरी समास बघा, खाडाखोड बघा.

आम्ही तेच केलं. रात्री हॉटेलच्या खोलीत भाचीच्या लॅपटॉपवर ९०४ क्रमांकाची पोथी उघडली. लॅटिन व्याकरणाचं पुस्तक, नवव्या शतकात आयरिश भिक्षूंनी नकललेलं. समासात हजारो आयरिश टिपा. एका जागी चार ओळींची कविता : आज रात्री वारा पिसाटलाय, समुद्राचे पांढरे केस उधळतोय, अशा समुद्रातून नॉर्समन दरोडेखोर यायचे नाहीत. व्याकरण नकलताना वादळ ऐकून हायसं वाटलेला माणूस! बाहेर पाऊस खिडकीवर वाजतच होता. भाची म्हणाली, "मावशी, हे तू वर्गात सांगितलं असतंस तर मीही इतिहास घेतला असता."

तिसरा दिवस : भाजीचं बेट

गाडीने सरोवराकाठच्या कोन्स्टान्सला, तिथून पुढे बसने रायखेनाउ. सीमा ओलांडून जर्मनीत जातो, तेव्हा पासपोर्ट जवळ ठेवा आणि फ्रँकबरोबर युरोही. बेटावर १८३८ मध्ये बांधलेल्या बांधावरून जायचं, दोन्ही बाजूंना उंच पॉप्लर. पिर्मिन नावाच्या भिक्षूने ७२४ मध्ये इथे मठ स्थापला.

पाऊस थांबेना. ओबरसेलच्या सेंट जॉर्ज चर्चपाशी पोचलो तर दार बंद. आतली हवा दमट होऊन भित्तिचित्रं खराब होऊ नयेत म्हणून उन्हाळ्याच्या महिन्यांत ठरलेल्या वेळी, वाटाड्याबरोबरच आत सोडतात. आमची वेळ नुकतीच निघून गेली होती. *वेळा आधी बघून ठेवा.*

पण त्यामुळे एक छान भेट झाली. बेटभर काचेची शेतघरं आणि भाज्यांचे वाफे. रस्त्याकडेला एका फळीवर काकड्या, टोमॅटो, सॅलडचे गड्डे आणि पैसे टाकायचा डबा. काकड्या मांडायला आलेल्या आजोबांनी आम्हांला छपराखाली बोलावलं. कुठून आलात, विचारलं. मी हिंदुस्थान म्हटलं, आणि इथे का, तर पोथ्यांसाठी. ते म्हणाले, "भिक्षूंनी इथे आधी बाग केली. पुस्तकं नंतर." आणि एक काकडी पुसून हातावर ठेवली.

त्यांचं म्हणणं अगदी अस्थानी नव्हतं. नवव्या शतकात इथला मठाधिपती वालाफ्रिड याने बागेवर लॅटिन कविता लिहिली, तेवीस वनस्पतींवर. सुरुवातीलाच तो सांगतो की हे मी नुसतं ऐकून वा जुनी पुस्तकं वाचून लिहीत नाही, स्वतः राबून शिकलोय. मग अंगणात माजलेल्या खाजऱ्या तणाशी झालेली झटापट येते. मिटेलसेलच्या मोठ्या चर्चशेजारी त्या कवितेबरहुकूम बाग पुन्हा केली आहे. पावसात सेजचा वास दरवळत होता.

सेंट गालेनचा नकाशाही इथलाच. साधारण ८२० च्या दशकात इथल्या भिक्षूंनी तो काढला आणि गोट्सबेर्ट या सेंट गालेनच्या मठाधिपतीला पाठवला. त्यावर मजकूर आहे, 'माझ्या गोड मुला गोट्सबेर्ट, तुझ्यासाठी हे थोडक्यात रेखाटलंय.' त्यावरचं काही अक्षर इथला ग्रंथपाल रेगिनबेर्ट याचं मानतात. ग्रिमाल्ड आणि टाट्टो यांनी पत्र लिहिलं तेही यालाच.

चारच्या सुमारास ओबरसेलचं दार उघडलं. दहाव्या शतकाच्या अखेरीला रंगवलेले येशूचे आठ चमत्कार दोन्ही भिंतींवर समोरासमोर : खवळलेला समुद्र शांत करणं, मेलेल्या लाझारसला उठवणं, महारोग्याला बरं करणं. रंग विरले आहेत, पण हात अजून स्पष्ट आहेत. सगळी गोष्ट हातांनीच सांगितलेली.

मला मात्र सगळ्यात जास्त मिळालं एका नंतरच्या, चौदाव्या शतकातल्या चित्रातून. चार सैतान गाईचं कातडं ताणून धरतात, एक त्यावर लिहितो आहे, वर दोन बायका बोलताहेत. जुन्या जर्मनमधल्या ओळींचा आशय असा, की बायकांची इथली ही 'प्लाप्ला' निवाड्याच्या दिवशी न्यायाधीशासमोर वाचली जाईल. चितारणाऱ्याने धाक घालायला काढलं. पण धाक घालावा लागला, याचाच अर्थ बायका चर्चमध्ये भरपूर बोलत होत्या. प्रार्थनेला आल्यावर एकमेकींची विचारपूस करणाऱ्या, ज्यांचं नाव कुठल्याही दफ्तरात नाही, त्या बायका त्यांच्यावरच्या तक्रारीतून आपल्यापर्यंत पोचतात.

ज्यांची नावं उरली, त्यांचीही गोष्ट इथे आहे. ८२४ मध्ये इथे एक वही सुरू झाली. ज्यांच्यासाठी प्रार्थना करायची अशा जिवंत आणि मृत माणसांची नावं तिच्यात : मठांची, राजघराण्यांची, यात्रेकरूंची. सुमारे ३८,००० नावं. वही आता झुरिकला आहे. त्र्यंबकेश्वरच्या उपाध्यायांच्या चोपडीत माझ्या आजोबांची सही मी पाहिली आहे, बोटाने तिच्यावरून फिरवलंही आहे. नाव लिहून ठेवलं की कुणीतरी ते पुन्हा उच्चारील, हा विश्वास दोन्ही वह्यांत तोच.

परतताना कोन्स्टान्समध्ये तासभर थांबलो. १४१४ ते १४१८ इथे भरलेल्या चर्चच्या परिषदेने एकाच वेळी तीन जण पोप म्हणवत होते तो घोळ मिटवला आणि त्याच परिषदेने यान हुस या चेक धर्मसुधारकाला ६ जुलै १४१५ रोजी जाळलं. सरोवराकाठची गोदामाची इमारत, जिथे १४१७ मध्ये नवा पोप निवडला, ती बाहेरूनच पाहिली. परिषदेला आलेला पोज्जो नावाचा विद्वान १४१६ मध्ये सेंट गालेनला गेला आणि क्विंटिलियन या रोमन लेखकाचा वक्तृत्वावरचा संपूर्ण ग्रंथ सापडल्याचं त्याने मित्राला लिहिलं. पुस्तकं बुरुजाखाली घाणेरड्या अंधारकोठडीत होती, असं त्यात म्हणतो. पत्र अस्सल आहे, पण ते शोध लावल्याच्या आनंदात लिहिलेलं आहे. तो ग्रंथ शतकानुशतकं ज्यांनी सांभाळला त्यांची बाजू त्यात नाही, आणि मला ती बाजू विसरवत नाही.

चौथा दिवस : पुन्हा वीस सेकंद

पाऊस उघडला. दुपारची गाडी होती. भाची म्हणाली, तळ्यांकडे जाऊ. मी म्हटलं, तू जा, मला नकाशा पुन्हा बघायचाय. ती माझ्याबरोबरच आली.

या वेळी आधी त्याच दालनातले दानपत्रांचे कागद सावकाश पाहिले. कागद कसले, चामड्याच्या पट्ट्या. इथल्या मठाच्या दफ्तरात आठव्या-नवव्या शतकातली सातशेहून अधिक मूळ दानपत्रं आहेत. कुणी शेतकरी आत्म्याच्या कल्याणासाठी जमीन मठाला देतो आणि हयातभर ती कसायची मुभा मागून घेतो. बदल्यात वर्षाला इतकी बिअर, इतक्या भाकऱ्या, एक डुकराचं पिल्लू. खाली साक्षीदारांची नावं. काही पट्ट्यांच्या पाठीवर लेखकाने आधी घाईघाईत केलेली टिपणं आहेत, कोण, कुठली जमीन, कोण साक्षीला. मोडीतल्या जमिनीच्या कागदांवर ज्यांनी काम केलंय त्यांना हे बघून घरच्यासारखं वाटेल. मठ श्रीमंत कसा झाला हे या पट्ट्यांतून कळतं, आणि ते पिल्लू कुणाच्या गोठ्यातून आलं तेही.

मग फिल्म सुरू झाली. काल रात्री नकाशाची प्रतिमा पडद्यावर मोठी करून मी एकच जागा पाठ केली होती. वरच्या उजव्या अंगाला खुराड्यांच्या शेजारी भाजीची बाग आहे. अठरा वाफे, दोन रांगांत, आणि प्रत्येकात भाजीचं नाव : कांदा, लीक, सेलरी, कोथिंबीर, शेपू, खसखस, मुळा, पुढे लसूणही.

झाकण सरलं. लाल रेघांमधून नजर सरळ वर नेली. चर्च नाही, शाळा नाही. बाग. लांबट चौकोन. पहिला, दुसरा, तिसरा, आणि चौथ्यात तपकिरी शाईतली बारीक अक्षरं.

भाचीने कानाशी विचारलं, "दिसली का गं मावशी, कोथिंबीर?"

"दिसली," म्हटलं, आणि शेजारचा शेपू वाचेपर्यंत झाकण परत आलं.